खुर्द्याची मोजदाद

पानिपतच्या पराभवाची वार्ता नानासाहेब पेशव्यांना कशी कळली, ही कथा मराठी वाचकाला नव्याने सांगावी लागत नाही. सन १७६१ च्या जानेवारीत पेशवे फौजेनिशी उत्तरेकडे निघालेले असता वाटेत एक सावकारी पत्र त्यांच्या हाती पडले. रणांगणावरचा सारा हिशेब त्यात सराफाच्या भाषेत मांडला होता. दोन मोती गेले, सत्तावीस मोहरा हरपल्या, आणि रुपये व खुर्दा किती गेला त्याची गणती नाही, असा त्याचा आशय. मोती म्हणजे विश्वासराव आणि भाऊसाहेब. मोहरा म्हणजे नामांकित सरदार. आणि खुर्दा म्हणजे ज्यांच्यासाठी महाराष्ट्रात घरोघर बांगडी फुटली ते शिपाई, मोतद्दार आणि बुणगे.

शाळेत ही कथा प्रथम ऐकली तेव्हा मला त्या सांकेतिक लेखनाचे मोठे कौतुक वाटले होते. पुढे जुन्या दप्तरांचा नाद लागला, आणि कौतुकाच्या जागी त्या पत्राचा शेवट मनाला टोचू लागला. लिहिणाराने मोती मोजले, मोहरा मोजल्या. खुर्द्यापाशी त्याची लेखणी थांबली. वास्तविक आयाबायांचा आकांत होता तो त्या न मोजलेल्या खुर्द्यासाठी.

हा खुर्दा मोजता यावा म्हणून गेल्या साडेतीनशे वर्षांत जगाने एक दुसरी सांकेतिक भाषा घडवली. आज एखाद्याचे मोटारीखाली सापडून मांडीचे हाड मोडले, तर त्या मोडलेल्या हाडाला एक अंक असतो, आणि ते कसे मोडले त्याला दुसरा. या अंकांची घडण कशी झाली आणि आमच्या मराठवाड्यात येईपर्यंत त्यांचे काय झाले, तेवढे सांगण्याचा या लेखाचा हेतू आहे. मी वैद्य नव्हे, वकीलही नव्हे. कागद न्याहाळण्याची खोड असलेला एक साधा माणूस, एवढीच माझी पात्रता. पण डॉक्टर मंडळींच्या आणि रुग्णालयांत अभिलेख सांभाळणाऱ्या स्नेह्यांच्या संगतीत जे ऐकले-पाहिले, त्याने पानिपतच्या त्या पत्राची आठवण मला वारंवार करून दिली.

प्रथम रस्त्याकडे पाहू. नांदेड गोदावरीच्या काठचे, गुरुद्वारामुळे देशभर ठाऊक असलेले. लातूर मांजरेच्या खोऱ्यातले, तूर आणि सोयाबीनच्या आडतीवर भरभराटलेले. दोन्ही गावे निजामाच्या हैदराबाद संस्थानात होती. त्या संस्थानाच्या रेल्वेखात्याने १९३२ च्या जूनमध्ये सत्तावीस बसगाड्यांनिशी रस्तावाहतूक सुरू केली. पानिपतच्या मोहरांइतक्याच त्या गाड्या. साऱ्या संस्थानात मिळून एवढ्याच! १९४८ साली मराठवाडा मुक्त झाला, १९५६ साली द्विभाषिक मुंबई राज्यात आला, १९६० साली महाराष्ट्रात, आणि १९६१ साली मराठवाड्याची सरकारी बसवाहतूक राज्य परिवहन महामंडळात मिळाली. लातूर १९८२ साली उस्मानाबादेतून फुटून स्वतंत्र जिल्हा झाला. आज औसा, लातूर, चाकूर, अहमदपूर, लोहा, नांदेड अशी गावे ओवीत राष्ट्रीय महामार्ग ३६१ जातो. त्यावरून मालमोटारी जातात, एस.टी. जाते, काळी-पिवळी जाते. तिघे बसलेली मोटारसायकल असते, आणि साखर कारखान्यांचा हंगाम लागला की उसाच्या टायरगाड्या आणि दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर असतात. बैलाची चाल आणि मालमोटारीचा वेग एकाच पट्टीवर आले आहेत. जखमा होतात त्या या दोहोंच्या फरकातून.

जखमी माणूस रात्री-अपरात्री रुग्णालयाच्या दाराशी येतो. कोणी त्याला रिक्षात घालून आणतो, कोणी १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका बोलावतो. ती महाराष्ट्रात २०१४ पासून धावते. नातेवाईक सांगतात, "गाडीनं उडवलं." डॉक्टर केसपेपरवर तीन इंग्रजी अक्षरे लिहितो: आर.टी.ए., म्हणजे रस्त्यावरचा वाहन-अपघात. कोणत्या गाडीने उडवले, आणि उडालेला कशावर बसला होता, हे नातेवाइकांच्या दोन शब्दांतही नसते आणि डॉक्टरच्या तीन अक्षरांतही नसते. त्या घटकेला त्याची निकडही नसते. रक्त थांबवणे हेच काम असते. निकड लागते ती मागाहून, जेव्हा त्या जखमेला प्रश्न विचारणारे एकामागून एक येऊ लागतात. इतिहासात पाहिले तर असे विचारणारे तिघे. पहिला म्हणतो, दोष कोणाचा? दुसरा म्हणतो, हे घडले कशामुळे? तिसरा म्हणतो, खर्च किती? प्रत्येकाने आपापल्या सोयीचे अंक पाडले.

दोष विचारणारा कायदा आपल्याकडे सर्वांत आधी आला. मेकॉलेने १८३७ साली ज्याचा मसुदा तयार केला, ती दंडसंहिता १८६० साली मंजूर झाली आणि १८६२ च्या पहिल्या दिवसापासून ब्रिटिश मुलखात अमलात आली. मराठवाड्यात ती विलीनीकरणानंतर पोचली. तिच्या ३२० व्या कलमाने 'गंभीर दुखापती'चे आठ प्रकार सांगितले. पुरुषत्व जाणे, डोळा जाणे, कान जाणे, अवयव किंवा सांधा गमावणे, तो निकामी होणे, चेहरा कायमचा विद्रूप होणे, हाड किंवा दात मोडणे अथवा निखळणे, हे सात. आठवा प्रकार जिवावर बेतणाऱ्या दुखापतीचा, किंवा जिच्यामुळे माणूस वीस दिवस तीव्र वेदनेत राहील वा नित्याचा व्यवहार करू शकणार नाही अशा दुखापतीचा. सरकारी डॉक्टर पोलिसांसाठी जो जखमांचा दाखला लिहितो, त्यात 'साधी' की 'गंभीर' हा शब्द या आठ घरांवरून ठरत आला. १ जुलै २०२४ पासून नवी न्याय संहिता आली. तिच्या ११६ व्या कलमात आठही घरे जागच्या जागी आहेत. वीस दिवसांचे पंधरा झाले एवढेच. दीडशेहून अधिक वर्षांनी कायद्याने दुखणाइताला पाच दिवसांची सूट दिली म्हणायची!

कायद्याची ही आठ घरे टिकाऊ आहेत. पण मांडीचे हाड ट्रकखाली मोडले की म्हशीने ढुशी दिल्यामुळे मोडले, याच्याशी त्यांना कर्तव्य नाही. कारणाची चौकशी करणारी परंपरा वेगळी, आणि तिचा उगम एका दुकानदारापाशी आहे. लंडनमध्ये जॉन ग्राँट नावाचा फिती-बटणांसारखा बारीकसारीक माल विकणारा व्यापारी होता. शहरात दर आठवड्याला मेलेल्यांच्या याद्या छापल्या जात. प्रेत पाहून मरणाचे कारण सांगण्याचे काम म्हाताऱ्या बायकांकडे असे. लोक त्या याद्या वाचून, कोण गेले याची चर्चा करून, फेकून देत. ग्राँटने त्या जमवल्या, बेरजा केल्या, आणि १६६२ साली पुस्तक लिहिले. माणसे एकेकटी मरतात तेव्हा दैव दिसते. बेरीज केली की त्यातला नियम दिसू लागतो, ही गोष्ट जगाला त्या दुकानदाराने दाखवली.

पुढचे नाव विल्यम फार याचे. इंग्लंडच्या जन्ममृत्यू-नोंदणी कचेरीत १८३९ पासून त्याने अहवाल लिहिले आणि एक तक्रार सतत मांडली: एकाच रोगाला तीन-तीन, चार-चार नावे, आणि एकाच नावाखाली निरनिराळे रोग. ज्या बाजारात प्रत्येक दुकानाचा शेर वेगळा, तिथे हिशेब कसला लागणार? शास्त्राला नावांची शिस्त वजनमापांइतकीच आवश्यक आहे, हे त्याचे सांगणे. १८५३ साली ब्रुसेल्सला भरलेल्या संख्याशास्त्र्यांच्या परिषदेने मरणकारणांची सर्व देशांना चालेल अशी एक यादी करण्याचे काम फार आणि जिनीव्हाचे मार्क देस्पिन यांच्याकडे सोपवले. ते तडीस गेले चाळीस वर्षांनी. पॅरिस शहराच्या संख्याशास्त्र खात्याचे प्रमुख झाक बर्तियों यांनी केलेली यादी १८९३ साली शिकागोच्या सभेत मान्य झाली. तिच्या सर्वांत विस्तृत रूपात १६१ कारणे होती. गुन्हेगारांच्या अंगाची मापे घेऊन त्यांना ओळखण्याची युक्ती काढणारा आल्फाँस बर्तियों हा त्यांचाच भाऊ. एका भावाने चोर मोजले, दुसऱ्याने मरणे. घराण्यात मोजण्याचे वेडच असले पाहिजे.

आपल्याकडे मरणांची नोंद नव्हती असे मात्र नाही. जुन्या मुंबई इलाख्यात गाव नमुना १४, ज्याला लोक कोतवाल बुक म्हणतात, त्यात जन्म-मरणाची टिपणे होत. आज लोक ते बुक उघडतात ते बहुधा जातीचा पुरावा शोधण्यासाठी. त्याच पानावर आजोबा-पणजोबांच्या मरणाचे कारणही लिहिलेले असते, त्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. पटकी, देवी, प्लेग आणि ताप. ताप तर उदंड! निदान न झालेली सारी मरणे तापाच्या पोटात गडप होत. फारची तक्रार आमच्या चावडीवरही खरी होती.

बर्तियोंची यादी तयार होत होती त्याच सुमारास रस्त्यावर एक नवे मरण आले. आयर्लंडमध्ये मेरी वॉर्ड ही विदुषी १८६९ साली वाफेच्या गाडीतून फेकली जाऊन चाकाखाली गेली. १८९६ च्या ऑगस्टमध्ये लंडनला ब्रिजेट ड्रिस्कॉल ही स्त्री एका मोटारीखाली सापडून मेली. गाडी जवळजवळ माणसाच्या चालीने जात होती. जुन्या याद्यांत अशा मरणाला स्वतःचे घर नव्हते. विसाव्या शतकाच्या आरंभीच्या यादीत 'चिरडून मृत्यू' या एकाच मथळ्याखाली गाड्या, आगगाड्या आणि कोसळलेल्या दरडी गुण्यागोविंदाने नांदत होत्या. मोटारी वाढल्या, मोटारींचे मुडदे वाढले, तेव्हा यादी करणारांना घर वेगळे करणे भाग पडले.

मग एक मूलभूत अडचण पुढे आली. मांडीचे हाड मोडले हे कारण म्हणावे, की मोटारीने उडवले हे कारण म्हणावे? शस्त्रवैद्याला पहिले पाहिजे, कारण त्याला हाड सांधायचे आहे. रस्ता बांधणाराला दुसरे पाहिजे, कारण त्याला वळण सुधारायचे आहे. १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेने यादीची सहावी आवृत्ती हाती घेतली, तेव्हा या तंट्याचा निकाल दोन्ही पक्षांच्या बाजूने लागला. प्रत्येक जखमेला दोन अंक द्यायचे ठरले: एक जखमेच्या स्वरूपाचा, एक बाह्य कारणाचा. काय मोडले आणि कसे मोडले. माझ्या मते या साऱ्या इतिहासातला हा सर्वांत शहाणा निर्णय.

१९९० साली मंजूर झालेली दहावी आवृत्ती बहुतेक ठिकाणी अजून चालते. अकरावी २०२२ च्या आरंभी अमलात आली, पण ती रुळायला अवकाश आहे. दहाव्या आवृत्तीत जखमांचे अंक 'एस' आणि 'टी' या अक्षरांनी सुरू होतात. एस ७२.३ म्हणजे मांडीच्या हाडाचा मधला भाग मोडला. एस ०६ म्हणजे कवटीच्या आत मेंदूला इजा. वाहनांच्या अपघातांचे अंक 'व्ही' या अक्षराचे. त्यांची रचना एखाद्या जुन्या पेठेसारखी आहे. दहा-दहा घरांची एकेक आळी: पहिली पादचाऱ्यांची, दुसरी सायकलवाल्यांची, तिसरी मोटारसायकलींची, चौथी तीनचाकींची, मग मोटारी, पिकअप, मालमोटारी, बसगाड्या. आळी ठरते ती जखमी कशावर होता यावरून, आणि घर ठरते कशाशी धडक झाली यावरून. त्यापुढचा दशांश सांगतो की तो चालवीत होता की मागे बसला होता, आणि अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला की इतरत्र.

ही यादी हातात घेऊन मी मनाशी नांदेड-लातूर रस्त्याने फिरून आलो. मोटारसायकल चालवणारा मालमोटारीला धडकला: व्ही २४.४. त्याच्या मागे बसलेली बायको जखमी झाली: व्ही २४.५. अंधारात उसाच्या बैलगाडीवर मागून मोटारसायकल आदळली: व्ही २६.४. त्या बैलगाडीलाच ट्रकने ठोकरले आणि गाडीवान जखमी झाला: व्ही ८०.४. माळेगावच्या यात्रेहून घोड्यावर बसून परतणारा स्वारही याच ऐंशीच्या घरात राहतो. काळी-पिवळीच्या टपावर बसलेला किंवा पायरीवर लोंबकळणारा उतारू पडला, तर त्याच्यासाठी गाडीबाहेरचा प्रवासी म्हणून खास दशांश आहे, सात. जिनीव्हातल्या कागदावर आमच्या टपावरच्या माणसाला जागा आहे हे पाहून मला अचंबा वाटला.

आणि एक उणीवही दिसली. उसाच्या ट्रॉल्या ओढणाऱ्या ट्रॅक्टरवर मोटारसायकल आदळली तर काय? ट्रॅक्टरवर बसलेला जखमी झाला तर त्याला घर आहे, व्ही ८४. पण धडकेतला दुसरा पक्ष म्हणून ट्रॅक्टरला मोटारसायकलींच्या आळीत स्वतंत्र घर नाही. तो जातो व्ही २९ मध्ये, 'इतर आणि अनिर्दिष्ट' वाहनांत. बैलगाडीला जागा मिळाली, घोड्याला मिळाली, आणि हंगामात आमच्या रस्त्यावर रात्रभर विनादिव्याची उभी असणारी ट्रॉली मात्र पुन्हा खुर्द्यातच!

एवढा बारकावा हवा कशाला, असे कोणी विचारील. त्याला उत्तर म्हणून ह्यू केर्न्स या मेंदूच्या शस्त्रवैद्याची हकिकत सांगतो. १९३५ च्या मे महिन्यात टी. ई. लॉरेन्स, म्हणजे अरबस्तानात गाजलेला लॉरेन्स, मोटारसायकलवरून पडून डोक्याला मार लागल्याने वारला. उपचार करणारांत केर्न्स होता. तो मोती हातचा गेला याची हळहळ साऱ्या इंग्लंडला वाटली. केर्न्स हळहळीवर थांबला नाही. तो खुर्दा मोजू लागला. महायुद्ध सुरू झाल्यावर पहिल्या एकवीस महिन्यांत ब्रिटनमध्ये २,२७९ मोटारसायकलस्वार आणि मागे बसणारे रस्त्यावर मेले होते. त्यांत पुष्कळसे डोक्याच्या मारानेच गेलेले, आणि शिरस्त्राण घातलेल्यांची इजा सौम्य असल्याचे त्याला दिसले. १९४१ साली त्याने हे प्रसिद्ध केले, आणि त्याच वर्षी ब्रिटिश सैन्याने निरोप पोचवणाऱ्या मोटारसायकलस्वारांना शिरस्त्राण सक्तीचे केले. आज आपल्या मोटार वाहन कायद्याच्या १२९ व्या कलमात जे हेल्मेट आहे आणि जे आपण घरी खुंटीला लावून निघतो, त्याच्या मुळाशी ही मोजदाद आहे. 'काय मोडले'च्या शेजारी 'कसे मोडले' लिहिले नसते, तर डोके आणि मोटारसायकल यांची गाठ केर्न्सला पडली नसती.

आता तिसरा प्रश्न, खर्च किती? तो आमच्या दारी आला २०१२ च्या जुलैत. राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना प्रथम महाराष्ट्राच्या आठ जिल्ह्यांत सुरू झाली, त्यांत नांदेड होता. लातूर २०१३ च्या नोव्हेंबरात आला. २०१७ पासून ती महात्मा जोतिबा फुले यांच्या नावाने चालते. आरंभी तिच्यात ९७१ उपचार होते, प्रत्येकाला संकेतांक आणि प्रत्येकाची ठरलेली रक्कम. नांदेडचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय १९८८ चे, लातूरचे २००२ चे, आणि लातुरातच विवेकानंद रुग्णालय १९६६ पासूनचे. म्हणजे हाड जोडणारे हात या भागात होतेच. पण गरीब शेतमजुराच्या मांडीत सळई बसवण्याचा खर्च कोणी द्यायचा, हा प्रश्न बहुधा दागिना किंवा जमीन गहाण टाकून सुटत असे. योजनेने तो भार हलका केला. तिचे हे ऋण मी मनापासून मानतो.

परंतु पैसा ज्या अंकामागे येतो, त्या अंकाची काळजी घेतली जाते. क्ष-किरणांचे चित्र जोडले जाते, शस्त्रक्रियेचा संकेतांक पुन्हा पुन्हा तपासला जातो. ज्या अंकामागे पैसा येत नाही, तो अंक अनाथ. 'काय मोडले' याचा दर ठरला. 'कसे मोडले' याला बाजारात भाव नाही.

याचा एक विलक्षण दाखला आमच्याच मुलांनी दिला. नांदेड-लातूरकडचे पदवीधर हैदराबादेस किंवा पुण्यास जाऊन वैद्यकीय संकेतलेखन शिकतात आणि अमेरिकेतल्या रुग्णालयांचे कागद वाचून त्यांना अंक लावतात. अमेरिकेने या यादीची आपली विस्तारित आवृत्ती ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. अशा एका मुलाने मला समजावून सांगितले की दोन मोटारींच्या धडकेत चालक जखमी झाला तर व्ही ४३.५२, मग एक्स, आणि उपचार चालू असतील तर शेवटी ए. पुढच्या तपासण्यांना डी. तिकडे विम्याचा दावा एका अक्षरासाठी परत येतो म्हणून ही चोख नोंद. मी त्याला विचारले, तुझ्या गावाकडे अपघात झाला तर काय लिहितात? तो हसला आणि म्हणाला, "काका, आर.टी.ए." हजारो कोसांवरच्या अपरिचिताची मोटार कोणत्या जातीच्या मोटारीला भिडली हे टिपणारा हात आमचाच, आमच्या रस्त्यासाठी मात्र त्या हाताला काम नाही.

मरणाच्या दाखल्यात हा प्रश्न अधिक टोकदार होतो. यादीचा नियम असा की जिवंत जखमीच्या नोंदीत जखमेचा अंक मुख्य, पण माणूस दगावला की मूळ कारण म्हणून अपघाताच्या परिस्थितीचा अंक मुख्य. माणूस गेला की हाड सांधण्याचा प्रश्न संपतो, आणि दुसरा तसाच जाऊ नये हा प्रश्न उरतो. १९६९ च्या जन्ममृत्यू-नोंदणी कायद्याखाली रुग्णालयातल्या मृत्यूसाठी जो 'नमुना ४' आहे, त्यात दुखापत कशी झाली हे लिहिण्यास जागा ठेवलेली आहे. अशा जागा पुष्कळदा कोऱ्या राहतात किंवा तिथे तीच तीन अक्षरे येतात. तत्काळ कारणापुढे 'हृदयक्रिया बंद पडली' असे लिहिण्याचीही जुनी सवय आहे. हृदय तर वाघाने खाल्लेल्याचेही बंद पडते. ते कारण कसे? आणि अशा दाखल्यांची संख्या तरी किती? २०२० साली देशात नोंदलेल्या मृत्यूंपैकी शेकडा साडेबावीस मृत्यूंचेच कारण वैद्यकीय दाखल्याने प्रमाणित झालेले होते. बाकीचे अजून कोतवाल बुकाच्या 'तापा'त आहेत म्हणायचे.

पोलिसांची नोंद या बाबतीत बरी. वाहन कोणते, क्रमांक काय, रस्ता कोणता, हे पंचनाम्यात असते. त्या नोंदींवरूनच आपल्याला कळते की २०२२ साली भारतात १,६८,४९१ माणसे रस्त्यावर मेली. त्यांत शंभरांत चव्वेचाळीसहून अधिक दुचाकीवरची, आणि एकोणीस-वीस पायी चालणारी. म्हणजे खरा खुर्दा कोण ते यादी स्पष्ट सांगते. पण पोलिसांच्या वहीत येतो तो पोलिसांपर्यंत पोचलेला अपघात. कोर्टकचेरीच्या धास्तीने नातेवाईक "घसरून पडला" म्हणतात, आणि ट्रॉलीवर आदळलेला माणूस कागदावर एकट्याने घसरलेला होतो. रुग्णालयाने जखमी पाहिला पण वाहन लिहिले नाही. पोलिसांनी वाहन लिहिले पण जखमेची खोली पाहिली नाही. दोन वह्या, आणि मेळ कोणी घालायचा? २०२१ पासून पोलीस, रुग्णालय, परिवहन आणि बांधकाम खाते यांच्या नोंदी एकत्र आणणारी संगणकीय व्यवस्था देशात सुरू झाली. आरंभीच्या सहा राज्यांत महाराष्ट्र होता. २०२५ च्या मे महिन्यात केंद्राने अपघातग्रस्तांना सात दिवस, दीड लाख रुपयांपर्यंत बिनपैशांच्या उपचारांची योजना जाहीर केली, आणि तिच्यासाठी या दोन्ही वह्यांची गाठ घालणे आवश्यक ठरले. पैसा आला की अंकाची काळजी घेतली जाते, हे वर म्हटलेच आहे. या वेळी तो योग्य अंकामागे आला आहे.

मोत्यांचे दुःख खोटे नसते. ३ जून २०१४ च्या सकाळी गोपीनाथराव मुंडे दिल्लीच्या रस्त्यावर मोटारीच्या मागच्या आसनावर असता दुसऱ्या मोटारीची धडक बसून गेले, तेव्हा साऱ्या मराठवाड्यात चुली पेटल्या नाहीत. मागच्या आसनावरच्या पट्ट्याची चर्चा त्यानंतर कित्येक दिवस चालली. शेतकऱ्यांच्या अपघात-साहाय्याची राज्याची योजना आज त्यांच्या नावाने चालते, आणि अपघाताने गेलेल्या शेतकऱ्याच्या घरी दोन लाख रुपये येण्यासाठी कागदच बोलावा लागतो: पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, मृत्यूचा दाखला. दाखल्यातली एक कोरी ओळ एखाद्या विधवेला कचेरीच्या किती पायऱ्या चढायला लावते, हे ज्याने पाहिले आहे त्याला संकेतांक ही कारकुनी किरकिर वाटणार नाही.

रात्री एकट्याने दहा जखमी सांभाळणाऱ्या तरुण डॉक्टरला यादीतले शेकडो अंक पाठ करा असे कोण सांगेल? त्याची आवश्यकताही नाही. अंक लावणारा मागाहून लावील. त्याला चार उत्तरे हवीत, आणि ती साध्या मराठीत आहेत. जखमी कशावर होता? चालवीत होता की बसला होता? कशाला धडकला? आणि रस्त्यावर, की शेतात-अंगणात? ही चार उत्तरे केसपेपरवर असली की व्ही २४.४ आपोआप तयार होतो. पाचवे उत्तर यादी मागत नाही, पण मी लिहून ठेवीन: डोक्यावर हेल्मेट होते का?

लक्ष्मीपूजनाच्या दिवशी आपल्याकडे वह्यांची पूजा होते. शुभ-लाभ लिहून नवे पान उघडले जाते, आणि त्यावर पै-पैचा हिशेब मांडला जातो. या दिवसांत गावोगावची मंडळी घरी परततात, रस्ते भरून वाहतात. वाटेत कोणी पडलेला दिसला तर थांबायला भिऊ नका. मदत करणाराला त्रास देता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ३० मार्च २०१६ रोजी ठरवून दिले, आणि २०१९ च्या दुरुस्तीने ते मोटार वाहन कायद्यातही आले. त्याला रुग्णालयात पोचवा, आणि निघण्यापूर्वी डॉक्टरांना ती चार उत्तरे सांगा: कशावर होता, चालवीत होता की बसला होता, कशाला धडकला, कुठे. "गाडीनं उडवलं" एवढ्यावर थांबू नका.